बँकेची सरफेसी नोटीस आली तर: शेतजमिनीला असलेले संरक्षण कसे आणि कधी मागावे?

शेतीसाठी, जोडधंद्यासाठी किंवा घरासाठी काढलेले कर्ज थकले, की एक दिवस पोस्टाने बँकेचे पत्र येते. त्यात ‘सरफेसी कायदा २००२, कलम १३(२)’ असा उल्लेख असतो, थकबाकीचा आकडा असतो आणि ६० दिवसांत पूर्ण रक्कम भरा असे लिहिलेले असते. बरेच शेतकरी हे पत्र नेहमीचा तगादा समजून कपाटात ठेवून देतात. काही जण ते पोस्टमनकडून घेतच नाहीत. पत्र नाकारले तरी नोटीस बजावली गेली असेच सहसा धरले जाते आणि दिवस मोजणे सुरू होते.

सरफेसी कायद्याने बँकेला न्यायालयात दावा न लावता तारण मालमत्तेचा ताबा घेण्याचा व ती विकण्याचा अधिकार दिला आहे. त्याच कायद्याने शेतजमिनीला या कारवाईतून वगळले आहे. मात्र ही सूट आपोआप मिळत नाही. ती योग्य वेळी, योग्य ठिकाणी आणि कागदपत्रांसह मागावी लागते. हे कसे करायचे, याची टप्प्याटप्प्याने माहिती या लेखात घेऊ.

थोडक्यात महत्त्वाचे

- पहिली नोटीस (कलम १३(२)): रक्कम भरण्यासाठी ६० दिवस. याच काळात लेखी हरकत द्यावी.
- हरकतीला बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणे बंधनकारक आहे.
- ताबा घेतल्यापासून (कलम १३(४)) ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे, म्हणजे डीआरटीकडे अर्ज करता येतो.
- पूर्ण रक्कम भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वीपर्यंतच असतो.
- जमीन शेतीची आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी कर्जदारावर आहे.

आधी पाहा, नोटीस कोणत्या कायद्याखाली आहे?

वसुलीच्या सगळ्या नोटिसा सारख्या नसतात. कायदा बदलला की दाद मागण्याची जागाही बदलते, त्यामुळे नोटिशीवरील कायद्याचे नाव व कलम सर्वांत आधी वाचा.

*राष्ट्रीयीकृत, खासगी व सहकारी बँका:* या सर्वांना सरफेसी कायदा वापरता येतो. सहकारी बँकांबाबत बरीच वर्षे वाद होता. कोल्हापूर जिल्ह्यातील मुरगूड येथील एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मे २०२० मध्ये तो मिटवला. त्यानुसार नागरी सहकारी बँक किंवा जिल्हा मध्यवर्ती बँकही या कायद्याखाली ताबा घेऊ शकते.

*वित्त कंपन्या (एनबीएफसी):* ज्या कंपनीची मालमत्ता १०० कोटी रुपये किंवा त्याहून जास्त आहे, तिला २० लाख रुपये व त्यावरील कर्जासाठी सरफेसी वापरता येतो. ट्रॅक्टरसाठीची लहान कर्जे सहसा यात बसत नाहीत. तिथे वसुली नजरगहाणाच्या करारानुसार होते.

*विकास सोसायटी व पतसंस्था:* या संस्था बँक नाहीत. त्यांची वसुली महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम १०१ खालील वसुली दाखल्याने होते. या दाखल्याविरुद्ध कलम १५४ नुसार पुनरीक्षण अर्ज करता येतो, पण त्यासाठी वसुलीयोग्य रकमेच्या ५० टक्के रक्कम संस्थेकडे भरावी लागते. त्यामुळे दाखला देण्यापूर्वी निबंधक कार्यालयातून सुनावणीची नोटीस येते तेव्हाच हजर राहून हिशेबावरील आक्षेप लेखी नोंदवणे जास्त फायद्याचे ठरते.

यापुढील माहिती सरफेसी नोटिशीपुरती आहे.

कारवाईपूर्वी कोणत्या अटी पूर्ण व्हाव्या लागतात?

बँकेला सरफेसीखाली नोटीस काढण्यापूर्वी खाते ‘एनपीए’, म्हणजे अनुत्पादक, ठरवावे लागते. सर्वसाधारण मुदत कर्जाचा हप्ता किंवा व्याज ९० दिवसांपेक्षा जास्त थकले तर खाते एनपीए होते. पीक कर्जासाठी नियम वेगळा आहे. कमी मुदतीच्या पिकांसाठी दोन पीक हंगाम आणि दीर्घ मुदतीच्या पिकांसाठी एक पीक हंगाम थकबाकी राहिली तरच खाते एनपीए धरले जाते. शेतीकर्जाला ९० दिवसांचा नियम लावला असेल, तर तो हरकतीचा मुद्दा आहे. तुमच्या खात्याला कोणता नियम लावला आणि एनपीएची तारीख कोणती, हे बँकेला लेखी विचारा.

कलम ३१ मध्ये कायदा कुठे लागू होत नाही याची यादी आहे. शेतकऱ्यांच्या कामाच्या बाबी अशा:

- शेतजमिनीवर निर्माण केलेले तारण.
- एक लाख रुपयांपर्यंतच्या कर्जासाठीचे तारण.
- येणे रक्कम मुद्दल व त्यावरील व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी असेल असे प्रकरण.
- दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार जप्त न करता येणाऱ्या वस्तू, उदा. शेतकऱ्याची औजारे, बैल, बियाणे. मात्र हीच वस्तू त्या कर्जासाठी खास तारण दिली असेल, तर सूट मिळत नाही.

याशिवाय बँकेने आपले तारण केंद्रीय नोंदणी यंत्रणेत, म्हणजे सेरसाईमध्ये, नोंदवलेले असावे लागते. २४ जानेवारी २०२० पासून ही नोंदणी नसेल तर बँकेला सरफेसीतील वसुलीचे अधिकार वापरता येत नाहीत. नोंदणी झाली आहे का, कधी झाली, हेही हरकतीत विचारा.

लहान पीक कर्जाबाबत एक गोष्ट लक्षात ठेवा. १ जानेवारी २०२५ पासून दोन लाख रुपयांपर्यंतचे शेतीकर्ज जमिनीचे तारण न घेता द्यावे, असे रिझर्व्ह बँकेचे निर्देश आहेत. त्यापूर्वी ही मर्यादा १ लाख ६० हजार रुपये होती. जिथे मालमत्ता तारण नाही, तिथे ती ताब्यात घेण्याचा प्रश्नच येत नाही.

पहिला टप्पा: ६० दिवसांची नोटीस

कलम १३(२) च्या नोटिशीत एकूण येणे रकमेचा तपशील आणि बँक ज्यावर कारवाई करणार त्या मालमत्तांचे वर्णन असले पाहिजे. नोटीस हातात येताच पुढील गोष्टी करा.

१. पाकिटावर ती मिळाल्याची तारीख लिहून पाकीट जपून ठेवा. ६० दिवस मात्र नोटिशीवरील तारखेपासून मोजा.

२. नोटिशीतील गट नंबर, क्षेत्र व चतुःसीमा सातबाऱ्याशी ताडून पाहा. गहाण एका गटाचे आणि नोटीस दुसऱ्या गटाची, अशी तफावत आढळली तर ती लेखी कळवा.

३. कर्ज मंजुरीपत्र, गहाणखत, खाते उतारा आणि व्याज आकारणीचा हिशेब यांच्या प्रती बँकेकडे लेखी मागा.

४. कलम १३(३अ) नुसार लेखी हरकत द्या. शाखेत दिल्यास दुसऱ्या प्रतीवर सही-शिक्क्याची पोच घ्या. शिवाय नोटिशीवर सही करणाऱ्या प्राधिकृत अधिकाऱ्याच्या पत्त्यावर स्पीड पोस्टाने पाठवा.

५. नोटीस मिळाल्यावर तारण मालमत्ता बँकेच्या लेखी संमतीशिवाय विकू किंवा भाड्याने देऊ नका. कलम १३(१३) ने त्यास मनाई आहे.

६. जामीनदारालाही लगेच कळवा. या कायद्यात ‘कर्जदार’ या शब्दात जामीनदारही येतो, त्यामुळे त्याची तारण मालमत्ताही कारवाईत येऊ शकते.

हरकत मिळाल्यापासून १५ दिवसांत बँकेने ती विचारात घेऊन, मान्य नसल्यास कारणे देऊन कळवायचे असते. हे उत्तर देणे बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केले आहे. केवळ हे उत्तर पटले नाही म्हणून त्याच टप्प्यावर डीआरटीकडे जाता येत नाही. तरीही हरकत दिलीच पाहिजे, कारण पुढे ‘जमीन शेतीची आहे हे आम्ही पहिल्या दिवसापासून सांगत होतो’ असे दाखवणारा पहिला कागद तोच असतो.

हरकतीचा मजकूर साधा ठेवा. कर्ज खाते क्रमांक, नोटिशीची तारीख, तारण गट नंबर लिहा. त्यानंतर ‘सदर जमीन शेतजमीन असून गहाण दिले तेव्हापासून आजपर्यंत तीत पिके घेतली जात आहेत, त्यामुळे कलम ३१(आय) नुसार सदर कायदा लागू होत नाही’ हा मुद्दा मांडा. सोबत कागदपत्रांची यादी जोडा. हिशेबावरील आक्षेप वेगळ्या परिच्छेदात आकड्यांसह द्या.

सातबाऱ्यावर ‘शेती’ लिहिले म्हणजे पुरेसे आहे का?

नाही. सर्वांत जास्त फसगत इथेच होते.

गोव्यातील एका मोठ्या हॉटेलच्या कर्जप्रकरणात तारण मालमत्तेतील काही जमीन महसुली नोंदीत शेतीची होती. हॉटेल कंपनीने त्या आधारावर सूट मागितली. सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये ती नाकारली. ती जमीन हॉटेल प्रकल्पाचाच भाग म्हणून गहाण दिली होती, शेतीसाठी म्हणून नव्हे, असे न्यायालयाने पाहिले. त्याच वर्षी तमिळनाडूतील एका प्रकरणात न्यायालयाने कसोटी अधिक स्पष्ट केली. जमिनीचे स्वरूप, तिचा प्रत्यक्ष वापर आणि तारण दिले त्या तारखेला दोन्ही बाजूंचा हेतू, या सगळ्यांचा एकत्रित विचार करून ठरवायचे. जानेवारी २०२३ मध्ये आणखी एका निकालात न्यायालयाने सांगितले, की जमीन शेतीची आहे आणि प्रत्यक्ष शेतीसाठीच वापरली जाते, हे कर्जदाराने सिद्ध केले पाहिजे. केवळ महसुली नोंद त्यासाठी पुरत नाही.

यातून शेतकऱ्यांनी दोन गोष्टी घ्याव्यात. पहिली, पुरावा गहाण दिले त्या वर्षापासूनचा हवा. नोटीस आल्यावर घाईने पडीक रानात पेरणी करून उपयोग होत नाही. दुसरी, जमिनीत खरोखर पीक घेतले जात असेल, तर त्याचा पुरावा गावातच अनेक ठिकाणी पडलेला असतो. तो फक्त गोळा करायचा असतो.

गोळा करण्याचे कागद:

- गहाण दिल्याच्या वर्षापासून आजपर्यंतचे सातबारा उतारे, विशेषतः गाव नमुना १२ मधील पीक नोंदी, आणि आठ-अ.
- ई-पीक पाहणीच्या नोंदी. ही नोंद तुमच्या शेतातून, तारखेसह होत असल्याने उपयोगी पडते.
- पीक विमा भरल्याच्या पावत्या व नुकसानभरपाईच्या नोंदी.
- साखर कारखान्याच्या ऊस नोंदी व वजन पावत्या, बाजार समितीच्या हिशेबपट्ट्या, दूध संघाचे वा खरेदी केंद्राचे कागद.
- खते, बियाणे, ठिबक यांची बिले, कृषिपंपाचे वीजबिल, पाणीपट्टीच्या पावत्या.
- कृषी विभागाच्या योजनेतून मिळालेले अनुदान, फळबाग लागवड, शेततळे यांची मंजुरीपत्रे.
- नुकसानीचे पंचनामे.
- जमीन बिनशेती झालेली नाही हे दाखवणारे तलाठ्याचे किंवा तहसील कार्यालयाचे पत्र.

कर्जाच्या वेळी तुम्ही कशावर सह्या केल्या तेही वाचा. काही अर्जांत किंवा प्रतिज्ञापत्रांत ‘तारण जमीन शेतीची नाही’ असे छापील वाक्य असते. तसे असेल तर ते वकिलापासून लपवू नका. बँक तो कागद पुढे आणणारच.

सूट कुठे मिळत नाही, कुठे वाद होतो?

गावठाणातील घर, तालुक्याच्या गावातील गाळा, बिनशेती भूखंड किंवा गोदाम तारण दिले असेल, तर मालक शेतकरी आहे एवढ्यावर सूट मिळत नाही. सूट जमिनीला आहे, माणसाच्या व्यवसायाला नाही. शेतीकर्जासाठी घर तारण दिले असेल, तरी त्या घरावर सरफेसी कारवाई होऊ शकते.

जोडधंद्याच्या प्रकरणांत खरा वाद असतो. समजा, एका शेतकऱ्याने ४० गुंठ्यांचा गट कुक्कुटपालनाच्या कर्जासाठी गहाण दिला. दहा गुंठ्यांवर शेड आहे आणि उरलेल्या तीस गुंठ्यांत मका व भाजीपाला आहे. बँक म्हणेल, तारण प्रकल्पासाठी होते. शेतकरी म्हणेल, जमीन आजही शेतीची आहे. अशा वेळी बिनशेती परवाना घेतला होता का, प्रकल्प अहवालात जमिनीचे वर्णन काय आहे, मूल्यांकन करणाऱ्याने तिचा दर शेतजमीन म्हणून धरला की बिनशेती म्हणून, शेडखाली किती क्षेत्र आणि पिकाखाली किती, या बाबींना वजन येते. बँकेच्याच मूल्यांकन अहवालात ‘शेतजमीन’ म्हणून दर धरलेला असेल, तर तो तुमच्या बाजूचा पुरावा आहे. म्हणून त्या अहवालाची प्रतही मागा.

दुसरा टप्पा: ताबा नोटीस आणि ४५ दिवस

६० दिवसांत रक्कम भरली नाही तर बँक कलम १३(४) नुसार ताबा घेते. बहुतेक वेळा आधी कागदोपत्री, म्हणजे सांकेतिक ताबा घेतला जातो. ताबा नोटीस कर्जदाराला दिली जाते, मालमत्तेवर ठळक जागी चिकटवली जाते आणि सात दिवसांच्या आत दोन वृत्तपत्रांत छापली जाते. त्यांपैकी एक वृत्तपत्र स्थानिक भाषेतील असावे लागते. ‘अजून शेतात कोणी आले नाही, म्हणजे ताबा घेतला नाही’ हा गैरसमज महागात पडतो. नोटीस चिकटवली, की कलम १७ खालील ४५ दिवस सुरू झाले असे समजून चाला.

तारखांचा हिशेब असा करा. १३(२) ची नोटीस ५ जानेवारीची असेल, तर (लीप वर्ष नसताना) ६० दिवस ६ मार्चला संपतात. २० मार्चला ताबा नोटीस लागली, तर ४ मे पर्यंत डीआरटीत अर्ज दाखल व्हायला हवा. वकील शोधणे, कागद जमवणे यात महिना सहज जातो. त्यामुळे कागद गोळा करण्याचे काम पहिल्या नोटिशीलाच सुरू करा.

डीआरटीत अर्ज कसा होतो?

महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे कर्जवसुली न्यायाधिकरणे आहेत. मालमत्ता जिथे आहे किंवा कर्ज खाते ज्या शाखेत आहे, त्या भागाच्या न्यायाधिकरणात अर्ज करता येतो. कर्जदारच नव्हे, तर कारवाईमुळे बाधित होणारी कोणतीही व्यक्ती अर्ज करू शकते. सामाईक गटातील ज्या भावाने किंवा बहिणीने गहाणखतावर सहीच केलेली नाही, त्यांनाही ही वाट खुली आहे.

कायदा आला तेव्हा कर्जदाराला दाद मागण्यापूर्वी मागणी रकमेच्या ७५ टक्के रक्कम भरण्याची अट होती. सर्वोच्च न्यायालयाने मर्दिया केमिकल्स प्रकरणात एप्रिल २००४ मध्ये ती अट रद्द केली. आज कलम १७ चा अर्ज दाखल करण्यासाठी थकबाकीचा ठरावीक हिस्सा भरण्याची अट नाही. फक्त शुल्क भरावे लागते. कर्जदारासाठी, थकबाकी १० लाखांपेक्षा कमी असेल तर प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला ५०० रुपये. १० लाख व त्याहून जास्त असेल तर ५,००० रुपये आणि १० लाखांवरील प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला २५० रुपये, कमाल एक लाख रुपये. म्हणजे ६ लाखांच्या थकबाकीला ३,००० आणि १४ लाखांना ६,००० रुपये.

अर्जात दोन मागण्या असतात. पहिली, बँकेची कारवाई बेकायदा ठरवून ताबा परत मिळावा. दुसरी, निकाल लागेपर्यंत ताबा व लिलावाला स्थगिती मिळावी. नुसता अर्ज दाखल झाल्याने कारवाई थांबत नाही. स्थगितीचा वेगळा आदेश मिळवावा लागतो आणि तो देताना न्यायाधिकरण अनेकदा काही रक्कम भरण्याची अट घालते. त्यामुळे थोडीफार रक्कम उभी करण्याची तयारी ठेवा. बँकेची कारवाई कायद्याला धरून नव्हती असे ठरले, तर ताबा परत देण्याचा आदेश होऊ शकतो. कलम १९ नुसार नुकसानभरपाई व खर्चही मागता येतो.

कायद्यानुसार अर्ज ६० दिवसांत आणि जास्तीत जास्त चार महिन्यांत निकाली निघायला हवा. निकाल विरोधात गेला तर ३० दिवसांत मुंबईतील अपील न्यायाधिकरणात जाता येते. तिथे मात्र कर्जदाराला ५० टक्के रक्कम भरावी लागते. कारणे देऊन ती २५ टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकते. हा खर्च बहुतेक शेतकऱ्यांना झेपणारा नसतो. म्हणून सगळे पुरावे पहिल्याच अर्जात द्या.

जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश आला तर

प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम १४ नुसार जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे, मुंबईसारख्या ठिकाणी मुख्य महानगर दंडाधिकाऱ्यांकडे, अर्ज करते. अर्जासोबत बँकेला कायद्यातील सर्व तरतुदी पाळल्याचे प्रतिज्ञापत्र द्यावे लागते. तिथे वादाचा निवाडा होत नाही. तरीही तुमची हरकत व शेतजमिनीचे कागद जिल्हाधिकारी कार्यालयात आवक शिक्क्यासह दाखल करून ठेवा. ताब्याच्या आदेशाविरुद्ध दाद डीआरटीतच मागायची असते. तहसीलदार किंवा पोलीस ताब्यासाठी आल्यावर त्यांच्याशी वाद घालून आदेश बदलत नाही. स्थगिती आदेश असेल तर त्याची प्रत दाखवा.

लिलावापूर्वी काय तपासावे?

- मान्यताप्राप्त मूल्यांकनकाराकडून मूल्यांकन झाले आहे का आणि राखीव किंमत परिसरातील प्रत्यक्ष दराशी जुळते का?
- विक्रीची ३० दिवसांची नोटीस कर्जदाराला मिळाली का? पहिला लिलाव न झाल्यास पुढच्या वेळी ही मुदत १५ दिवस असते.
- जाहिरात दोन वृत्तपत्रांत, त्यांपैकी एक स्थानिक भाषेत, आली का?

यात चूक आढळली तर विक्रीच्या टप्प्यावरही ४५ दिवसांच्या आत डीआरटीत दाद मागता येते.

थकबाकी व खर्च भरून मालमत्ता सोडवायची असेल, तर मुदतीबाबत फार काळजी घ्या. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत हा हक्क राहत असे. २०१६ च्या दुरुस्तीनंतर तो लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वीपर्यंतच आहे आणि सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच कायम केले. ‘लिलावाच्या दिवशी पैसे घेऊन जाऊ’ हा जुना हिशेब आता चालत नाही.

लिलावात थकबाकीपेक्षा जास्त रक्कम आली, तर शिल्लक रकमेवर हक्क तुमचा असतो. ती लेखी मागा. रक्कम कमी पडली, तर बँक उरलेल्या बाकीसाठी पुढे वसुली करू शकते.

उच्च न्यायालयात थेट जाता येते का?

दिवाणी न्यायालयाला या विषयात मनाईहुकूम देण्यास कलम ३४ ने बंदी आहे. उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, पण डीआरटीची सोय असताना उच्च न्यायालयांनी सर्वसाधारणपणे अशा याचिका घेऊ नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सांगितले आणि नंतरही तीच भूमिका घेतली. त्यामुळे रिटवर विसंबून ४५ दिवस घालवणे धोक्याचे आहे.

सूट म्हणजे कर्जमाफी नाही

शेतजमिनीला सरफेसीतून सूट मिळाली, तरी कर्ज व व्याज तसेच राहते. बँक रक्कम व कर्जाच्या प्रकारानुसार दिवाणी दावा किंवा डीआरटीत वसुली अर्ज करू शकते. तिथे हुकूमनामा झाला, तर गहाण जमिनीवर टाच येऊ शकते. फरक इतकाच, की आधी सुनावणी होते, हिशेब तपासला जातो आणि तुम्हाला बाजू मांडायला वेळ मिळतो. हा वेळ तडजोडीसाठी वापरणे शहाणपणाचे आहे.

एकरकमी तडजोड योजना, म्हणजे ओटीएस, चालू आहे का हे शाखेत लेखी विचारा. तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही, ती देणे न देणे बँकेच्या धोरणावर आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२१ मध्ये म्हटले आहे. म्हणून अर्ज करताना किती रक्कम, किती हप्त्यांत, कोणत्या पिकाच्या पैशातून भरणार, हे स्पष्ट लिहा. मंजुरी लेखी घ्या आणि ठरलेली तारीख चुकवू नका. दुष्काळ, अतिवृष्टी किंवा गारपिटीने पीक गेले असेल, तर खाते एनपीए होण्यापूर्वीच कर्ज पुनर्गठनाचा अर्ज पंचनाम्यासह द्या. थकल्यानंतर हा मार्ग अवघड होतो.

वसुली प्रतिनिधींनी सकाळी ८ पूर्वी व सायंकाळी ७ नंतर फोन करू नये, धमकी देऊ नये, असे रिझर्व्ह बँकेचे निर्देश आहेत. तसे घडल्यास तारीख, वेळ व फोन क्रमांक नोंदवून बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करा.

कृषी सहायक व विस्तार कार्यकर्त्यांसाठी

नोटीस मिळालेला शेतकरी अनेकदा सर्वांत आधी गावातल्या ओळखीच्या माणसाकडे येतो. कायद्याचा सल्ला देणे तुमचे काम नाही, पण चार गोष्टी तुम्ही करू शकता:

१. नोटिशीवरील कलम व तारीख पाहून शेवटचा दिवस कागदावर लिहून द्या.

२. ई-पीक पाहणी, पीक विमा, अनुदान व पंचनाम्याच्या जुन्या नोंदी मिळवून द्यायला मदत करा.

३. तालुका किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा पत्ता द्या. १९८७ च्या कायद्यानुसार महिला, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती, दिव्यांग आणि आपत्तीग्रस्तांना तेथे मोफत वकील मिळू शकतो. कमी उत्पन्न असलेल्यांनाही ठरलेल्या मर्यादेत ही मदत आहे.

४. दर हंगामात ई-पीक पाहणी वेळेवर करण्याचा आग्रह धरा. अनुदान व विम्यासाठी केलेली हीच नोंद, कर्ज अडचणीत आले तर जमीन वाचवण्याच्या कामी येते.

प्रत्येक प्रकरणाचे कागद वेगळे असतात. अर्ज दाखल करण्यापूर्वी डीआरटीत काम करणाऱ्या वकिलाचा सल्ला घ्या आणि त्याच्याकडे जाताना नोटिशीचे पाकीट, गहाणखत व सातबारा सोबत न्यायला विसरू नका.